पाडव्याला घेतलेलं कर्ज

"तीस हजार घेतले. आठ वर्षांत जवळजवळ तीस हजार भरले. आणि अजून सव्वीस हजार भरायचे? ऑफिसरबाई, हे कर्ज आहे की काय आहे?"

एरवी सबनीसकाका मला सुनंदा म्हणत. मराठी मंडळाच्या गणपतीत मी परकरात असल्यापासून ते मला ओळखत होते. त्या दिवशी मात्र मी ऑफिसरबाई झाले होते, म्हणजे पाणी नाकापर्यंत आलं होतं. शेजारी काकू मांडीवर पर्स धरून बसल्या होत्या.

गोष्ट सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीची. घरासाठी कर्ज देणाऱ्या एका कंपनीच्या डलहौसीतल्या ऑफिसात, लोन अकाउंट्स सेक्शनला मी होते. जन्म कलकत्त्याचा, शिक्षण कलकत्त्याचं, घर बालीगंजला. माझं मराठी ऐकून पुण्याची मावशी अजून हसते. पण कलकत्त्यातल्या कुठल्याही मराठी माणसाला घराच्या कर्जाची शंका आली, की तो फॉर्म न वाचता थेट माझ्या टेबलाशी येई. आपलं माणूस आत आहे म्हटल्यावर वाचायचं कशाला? ही आपल्या लोकांची जुनी खोड.

सबनीसकाका गार्डन रीचला रेल्वेच्या हेड ऑफिसात होते. फेब्रुवारीअखेर रिटायर झाले. आठ वर्षांपूर्वी बेहालाला एक लहानसा प्लॉट घेऊन त्यांनी दोन खोल्यांचं घर बांधलं, त्यासाठी आमच्याकडून तीस हजार घेतले. नऊ टक्के व्याज, पंधरा वर्षं मुदत, महिन्याचा हप्ता तीनशे दहा. घराची कागदपत्रं आमच्या तिजोरीत. कलकत्त्यात तेवढं पुरतं. मूळ कागद सावकाराच्या हाती दिले की घर गहाण पडतं. रजिस्टर ऑफिसला खेटे घालावे लागत नाहीत.

आता काकांचं गणित असं होतं. प्रॉव्हिडंट फंड आणि ग्रॅच्युइटी मिळून हातात वीस हजार येणार. पेन्शन तीनशेच्या आसपास, म्हणजे हप्त्याएवढीसुद्धा नाही. राहिलेली सात वर्षं गुणिले वर्षाचे हप्ते, झाले सव्वीस हजार. वीस हजारांत सव्वीस हजार बसत नाहीत. तेव्हा घर विकायचं, कर्ज फेडायचं आणि नागपूरला पुतण्याकडे जाऊन राहायचं. एक दलाल गिऱ्हाईक घेऊन आला होता. येत्या रविवारी काका बयाणा घेणार होते. कागद कधी मिळतील, एवढंच विचारायला ते आले होते. बाकीचं भांडण वाटेत सुचलेलं.

"काकू, तुम्हाला जायचंय नागपूरला?" मी विचारलं.

काकू पर्सच्या बंदाशी चाळा करत राहिल्या. काकाच म्हणाले, की तिला काय विचारतेस, तीस वर्षं इथे काढली, तिला आता नागपूरचा उन्हाळा सोसायचा नाही, पण इलाज आहे का.

मी त्यांच्यासाठी चहा मागवला आणि एक कोरा कागद पुढे ओढला. हे मी तोवर शंभर वेळा तरी समजावलं असेल, पण समोरचा माणूस घर विकायला निघालेला कधी नव्हता.

"काका, व्याज म्हणजे जावई. हप्ता आला की आधी त्याचं पान वाढायचं. त्याचं पोट भरल्यावर जे उरेल ते मुद्दलाच्या ताटात."

पहिल्या वर्षी त्यांनी तीन हजार सातशे वीस भरले. तीस हजारांवर नऊ टक्के म्हणजे सत्तावीसशे. ते जावयानं खाल्ले. मुद्दलाला उरले एक हजार वीस. दुसऱ्या वर्षी मुद्दल तेवढं कमी, म्हणून व्याज थोडं कमी आणि मुद्दलाचा घास थोडा मोठा. असं करत आठ वर्षांत साडेअठरा हजार व्याजात गेले आणि मुद्दल फिटलं जेमतेम सव्वाअकरा हजार.

काकांनी कागद उलटा करून पाहिला, जणू मागे काही चांगलं लिहिलेलं असेल. "म्हणजे पंधरा वर्षं भरलं असतं तर तीस हजारांचं घर मला छप्पन्न हजारांना पडलं असतं. सही करताना कुणी सांगितलं नाही हे."

सांगितलं नव्हतं, हे खरंच. फॉर्मवर हप्ता मोठ्या अक्षरात असे. एकूण किती भरणार, ते कुठेच नसे; गुणाकार करणाऱ्यानं करावा. आणि हप्ता परवडला की गुणाकार कोण करतो?

"पण काका, तुमचे सव्वीस हजार चुकलेत."

ते रेल्वेच्या अकाउंट्समध्ये चौतीस वर्षं काढलेले गृहस्थ. चुकलेत हा शब्द त्यांना झोंबला. मी घाईघाईनं म्हटलं, की गुणाकार बरोबर आहे, पण सव्वीस हजारांतले सव्वासात हजार हे पुढच्या सात वर्षांचं व्याज आहे. ते अजून जन्मालाच आलेलं नाही. पैसे आमच्याकडे राहिले तर ते जन्माला येणार. आज सगळं मुद्दल परत दिलंत, तर त्या व्याजाचा प्रश्नच नाही. आणि आज मुद्दल आहे पावणेएकोणीस हजार.

काकांनी खुर्ची पुढे ओढली. मग त्यांनी माझ्या हातातलं पेन घेतलं, वीस हजारांतून पावणेएकोणीस वजा केले आणि बाराशे पन्नासाखाली दोन रेघा मारल्या. काकूंनी पर्स टेबलावर ठेवली.

"म्हणजे घर राहतं?" काकूंनी पहिल्यांदाच तोंड उघडलं.

"राहतं."

मला फार बरं वाटलं. अशा नोकरीत लोकांना चांगली बातमी द्यायचे प्रसंग थोडे. काका तर एकदम सैल झाले, मी पुन्हा सुनंदा झाले, चहात त्यांनी आणखी एक चमचा साखर घातली. "पाडव्याला घेतलं होतं हे कर्ज," ते म्हणाले. "मुहूर्त बघून. आता पाडव्यालाच फेडीन. चेक त्याच दिवशी आणून देतो."

मी हो म्हणणारच होते. मार्चचा तिसरा आठवडा चालू होता, पाडवा तोंडावर आला होता. आमच्या ऑफिसातल्या कॅलेंडरवर पोयला बैशाख, बंगाल्यांचा नववर्षाचा दिवस, तांबड्या अक्षरात छापलेला असे. पाडव्याचं तिथे नावही नव्हतं.

"या वर्षी पाडवा चार एप्रिलला आहे," काकू म्हणाल्या.

मी कागद पुन्हा माझ्याकडे ओढला.

आमच्या कंपनीत ॲन्युअल रेस्टची पद्धत होती. त्या काळी ती सर्रास चाले. याचा अर्थ एवढाच, की मुद्दल वर्षातून एकदाच मोजायचं, एकतीस मार्चला. एक एप्रिलला जे मुद्दल दिसेल, त्यावर सबंध वर्षाचं व्याज लावून मोकळं व्हायचं. मग तुम्ही दोन एप्रिलला कर्ज फेडा नाहीतर पुढच्या फेब्रुवारीत, व्याज वर्षाचंच. काका चार एप्रिलला आले असते, तर चार दिवसांसाठी त्यांना सोळाशे अठ्ठ्याऐंशी रुपये पडले असते. एकूण देणं झालं असतं वीस हजारांच्या वर चारशे एकोणचाळीस. आणि काकांकडे होते वीस हजार.

चारशे रुपये मंडळातल्या कुणीही दिले असते. पण काका कुणापुढे हात पसरणाऱ्यांतले नव्हते. शिवाय ज्या माणसाची पेन्शन तीनशे, त्याची साडेपाच महिन्यांची पेन्शन एका मुहूर्तापायी आमच्या कंपनीच्या घशात जाणार होती.

मी हे सांगितलं. काकांचा चेहरा पडला, पण ते हटून बसले. वद्य पक्षात, वर्ष सरता सरता, एवढं मोठं काम करायचं? आठ वर्षांपूर्वी मुहूर्तावर सुरुवात केली म्हणून तर एक हप्ता चुकला नाही.

तेव्हा काकू नवऱ्याकडे वळल्या.

"अहो, घेताना मुहूर्त बघितलात, ठीक झालं. देणं द्यायला कसला मुहूर्त? पाडव्याला गुढी उभारायची, ती आपल्या घरावर उभारू. यांच्या घरावर नको."

त्या 'यांच्या'मध्ये मीसुद्धा होते. पण काकांनी अर्ज लिहायला कागद मागितला आणि माझ्या नोकरीतला सगळ्यात अवघड वाद तिथे संपला.

राहिले आमचे साहेब. कर्ज मुदतीआधी फेडायचं तर एक महिन्याची लेखी नोटीस द्यावी लागे. आज नोटीस दिली तर महिना एप्रिलात संपणार, म्हणजे व्याज बसलंच. ही अट माफ करायचा अधिकार फक्त ब्रँच मॅनेजरला होता. आमचे मॅनेजर सान्याल साहेब माणूस वाईट नव्हते, पण नियमाबाहेर पाऊल टाकायचं म्हटलं की त्यांना ॲसिडिटी व्हायची.

मी अर्ज घेऊन आत गेले. त्यांनी तो वाचला आणि बाजूला ठेवला.

"मिस फणसे, नोटीस एक महिन्याची असते."

"माफ करता येते, सर."

"येते. पण का करू? एप्रिलात घेतलं तर कंपनीला सोळाशे जास्त मिळतात. तुमच्या ओळखीचे आहेत म्हणून?"

ओळखीचे होतेच. ते नाकारण्यात अर्थ नव्हता. म्हातारा माणूस, पेन्शन, बायको, हे सगळं माझ्या ओठांवर आलं होतं. पण साहेबांच्या मागे भिंतीवर ब्रँचच्या वसुलीचा तक्ता लागला होता आणि त्यावरची मार्चची रेघ टार्गेटच्या बरीच खाली होती. कलकत्त्यात त्या वर्षी कुणाचीच वसुली धड नव्हती. कारखाने बंद, हप्ते थकलेले. मी दया खिशात ठेवली.

"सर, सोळाशे पुढच्या वर्षीचे आहेत. मी या मार्चमध्ये पावणेएकोणीस हजार देतेय. एकरकमी."

साहेबांनी वळून तक्त्याकडे पाहिलं. मग चष्मा काढून पुसला.

"एकतीसच्या आत पैसे आपल्या हातात हवेत. साधा चेक चालणार नाही, बँकेची पे ऑर्डर. एकतीसला शनिवार आहे, काउंटर बाराला बंद होईल. त्यानंतर मी ओळखत नाही." आणि त्यांनी सही केली.

दयेनं जे झालं असतं की नाही कोण जाणे, ते टार्गेटनं झालं.

पुढचे दिवस मी काही नीट जेवले नाही. काकांना रेल्वेचा चेक मिळाला, त्यांनी तो बँकेत टाकला. तो गुरुवारी वटायचा होता, वटला नाही. शुक्रवारी कुठल्या तरी पक्षानं बंद पुकारला आणि बंद म्हणजे कलकत्त्यात खरोखरच बंद. ट्राम नाही, बस नाही, बँक नाही. राहिला शनिवार, तोही अर्धा. त्या शनिवारी मी सकाळपासून जिन्याकडे तोंड करून बसले होते. अकरा वाजले. साडेअकरा वाजले. कॅशियर टेबल आवरायला लागला, तेव्हा मी त्याच्याशी उगाच त्याच्या मुलाच्या परीक्षेवर बोलत बसले.

शेवटी जिन्यावर काकांचा खोकला ऐकू आला. दोघंही घामाघूम. चेक सकाळी वटला होता, पण बँकेत आदल्या दिवशीच्या बंदची गर्दी, त्यात ट्राम धर्मतल्ल्याला अडकलेली, तिथून चालत आलेले. काकांनी पे ऑर्डर काउंटरवर ठेवली आणि खांबाला टेकून उभे राहिले. कॅशियरनं पावतीवर तारखेचा शिक्का मारला. एकतीस मार्च. मी तो शिक्का पाहिला आणि मला हसू आलं की रडू, ते मला आजही सांगता येणार नाही.

काकांनी घराचे कागद घ्यायला हात पुढे केला. काकूंनी ते आधी घेतले. पान उलटून सबनीस नाव लिहिलेलं पाहिलं, घडी घातली आणि पर्समध्ये ठेवून चेन लावली.

"आता विकायचं म्हणालात, तर मला विचारावं लागेल," त्या म्हणाल्या.

पाडव्याला मी बेहालाला गेले. छोट्याशा गच्चीवर गुढी होती. खाली शेजारचे दासबाबू काकांना विचारत होते, की तांब्या काठीवर उलटा का घातलाय, आणि काका त्यांना हौसेनं गुढीऐवजी ॲन्युअल रेस्ट समजावत होते. श्रीखंड चांगलं झालं होतं. काकूंनी मला तीनदा वाढलं.

पुढे कंपन्यांनी ती पद्धत हळूहळू सोडली, पण मी त्यातून एक गोष्ट धरून ठेवली. लोक कर्ज घेताना विचारतात, हप्ता किती? त्याचं उत्तर मिळालं, की त्यांना सगळं कळल्यासारखं वाटतं. काही वर्षांनी मी स्वतःच्या फ्लॅटसाठी कर्ज घेतलं, तेव्हा समोरच्या तरुण ऑफिसरला मी तीन प्रश्न विचारले. एकूण किती भरणार? मध्येच फेडलं तर किती? आणि तुमचं वर्ष कधी संपतं? तिसऱ्या प्रश्नावर तो गोंधळला. हप्ता किती ते मी त्याला सगळ्यात शेवटी विचारलं.