गणुजींनी मागे घेतलेलं अपील

"वकीलसाहेब, अपील वापस घ्या."

अमरावतीला कमिशनरसाहेबांच्या कचेरीबाहेर आम्ही उभे होतो. पुकारा कोणत्याही क्षणी होणार होता, आणि माझे पक्षकार गणुजी मला हे सांगत होते. हातातोंडाशी आलेला खटला! माझा पारा चढला.

प्रकरण साधं होतं. अकोटकडच्या एका गावची पाटीलकी गणुजींच्या घराण्यात. वडील वारल्यावर ती थोरल्याकडे यायची. पण अकोल्याच्या साहेबांनी हुकूम काढून धाकट्या सखारामला पाटील केलं, कारण त्याला लिहिता-वाचता येत होतं. अशा हुकमाविरुद्ध वरच्या साहेबांकडे दाद मागायची, त्याला अपील म्हणतात. ते मागे घेतलं की हुकूम कायम. मग पुन्हा रडत येऊन उपयोग नाही, हे मी गणुजींना बजावलं.

"समजलं मले. तरी बी घ्या."

"अहो, पण काहून?" रागात मीही वऱ्हाडीवर उतरलो.

त्यांनी निंबाच्या झाडाकडे बोट दाखवलं. तिथे गाडी सोडलेली होती आणि सखाराम बैलांना कडबा टाकत होता. कापसाला सोन्याचा भाव आला होता ते दिवस. भाड्याच्या सगळ्या गाड्या कापूस वाहण्यात गुंतलेल्या. गणुजींच्या स्वतःच्या गाडीचा कणा मोडला होता. तेव्हा ज्याच्याविरुद्ध अपील, त्यानंच गाडी जुंपली आणि भावाला तारखेला आणून पोचवलं.

"वाटेत खटल्याबद्दल काही बोलला का?"

"एक शब्द नाई. थंडी वाजून राहिली होती, तं सोताचं घोंगडं मले देलं." गणुजींनी बैलांकडे पाहिलं. "पोळ्यालेच मन फिरलं होतं माझं."

पोळ्याला गावचे बैल तोरणाखाली उभे राहतात. आधी पाटलाची जोडी निघते, मग बाकीच्या. पाटीलकीचा खरा मान तो.

"यंदा मान त्याचा. मी रुसून जोडी गोठ्यातच ठेवली. तं हा तोरणाखाली उभाच! म्हने, दादाची जोडी आल्याबिगर मी हालत नाई. सारा गाव ताटकळला. मंग हाच घरी आला, माह्या बैलाइच्या शिंगाले बेगड लावली अन् जोडी घेऊन गेला. तवाच अपील वापस घ्याले पायजे होतं. पन सांगू कसं? थोरला ना मी."

त्यांचे डोळे भरून आले. खरं सांगतो, माझेही.

पुकारा झाला. अपील मागे घेत असल्याचं मी सांगितलं. साहेबांनी कारण विचारलं. मी तोंड उघडणार, तोच मागून सखाराम म्हणाला, "साहेब, अपील मंजूर करा. पाटीलकी दादाले द्या."

"तू चूप बैस! मी वापस घेतलं."

"तुमीच चूप बसा, दादा. मी वाटभर हेच ठरवून आलो."

साहेबांनी लेखणी खाली ठेवली. शिरस्तेदारांनी त्यांना सगळं समजावून सांगितलं, तसे ते खुदकन हसले. मग अपील मागे घेतल्याची नोंद केली आणि पुढचं प्रकरण पुकारायला सांगितलं.

पाटील सखारामच राहिला. पोळ्याला गणुजींची जोडी पुढे, हे दोघांनी कचेरीच्या पायऱ्यांवरच ठरवलं. परत जाताना कासरा गणुजींच्या हातात होता आणि धाकटा मागे घोंगडं पांघरून झोपला होता.

तेव्हापासून भावाभावांचा खटला आला की मी कागद नंतर बघतो. आधी विचारतो, "आलात कोणाच्या गाडीत?"