पलिष्टी बाया आणि नानांचं कुलूप

डोंबिवलीच्या आमच्या रविवारच्या इतिहास वर्गात विद्यार्थी जेमतेम, पण किस्से कपाटात मावत नाहीत! त्यातले गेल्या वर्षीचे आता हसत सांगतोय, तेव्हा मात्र पाचावर धारण बसली होती.

वर्ग ट्रस्टच्या खोलीत भरतो. ट्रस्टच्या नानांनी बजावलं, "प्रदर्शन करा. लोक आले तर ठीक, नाहीतर खोली कोचिंग क्लासला!" खोली गेली की वर्ग बंद, आणि शिकवणाऱ्या देवधरबाईंना वर्गाशिवाय दुसरं जग नाही. नानांना समजावणार कोण? बायको गेल्यापासून ते कोणाशी धड बोलत नव्हते. स्मशानातही त्यांच्या डोळ्यांत टिपूस नव्हतं म्हणे.

बाईंनी विषय निवडला, पलिष्टी लोकांच्या मातीच्या मूर्ती! म्हणजे तीनेक हजार वर्षांपूर्वी समुद्रावरून येऊन गाझाकडच्या किनाऱ्यावर वसलेले लोक.

मी म्हटलं, "बाई, गर्दी जमवायचीय, पळवायची नाही!"

*

मूर्तींच्या नकला कल्याणच्या पद्माकरदादांकडे दिल्या. हे गणपती घडवणारे. फोटोतल्या मूळ मूर्ती मोडक्या, नकलाही तशाच हव्या होत्या, पण आणायला गेलो तर सगळ्या धडधाकट!

"भंगलेली मूर्ती माझ्या कारखान्यातून बाहेर पडत नाही," दादा म्हणाले. "फोडायची तर तुम्ही फोडा!"

बाईंनी हातोडी उचलली. हात काही खाली येईना. प्रदर्शन दुसऱ्या दिवशी! शेवटी आमच्या वर्गातल्या, शीळफाट्याच्या सुलोचनाताई पुढे झाल्या.

"आना इकरं!" त्यांनी मूर्तीला हात जोडले. "माफ कर गो बाय!" आणि खाडकन एक हात उडवला.

*

परतताना रिक्षात माझ्या मांडीवर ते तुकडे. रिक्षावाल्याने एकदा आरशात पाहिलं आणि रिक्षा वळवली.

"अहो, डोंबिवली इकडे कुठे?"

"आधी खाडीवर जाऊ ना काका. विसर्जन करून मग घरी!"

*

प्रदर्शनाला माणसं आली, पण मोजकीच. संध्याकाळी नाना आले ते हातात नवं कुलूप घेऊन. म्हणजे आजच खोलीला टाळं!

बाई सांगत होत्या, "ही देवी बघा, शरीराचीच खुर्ची झालीय. ही माणसं नव्या मुलखात आली, पण घरात देवी घडवली ती मागे सोडलेल्या मुलखातल्यासारखी."

नाना पुढे सरकले. डोक्यावर दोन्ही हात ठेवलेल्या एका छोट्या बाईपाशी थांबले.

"ही काय करतेय?"

"रडतेय. घरचं माणूस गेलंय तिचं."

"आणि पुरुष? त्यांच्या नाहीत रडणाऱ्या मूर्ती?"

"मला तरी माहीत नाहीत, नाना."

नानांनी कुलूप टेबलावर ठेवलं. चष्मा काढून त्याच्या शेजारी ठेवला. मग दोन्ही हात हळूहळू उचलून डोक्यावर घेतले.

बाईंनी आम्हाला खुणेने बाहेर काढलं आणि दार ओढून घेतलं.