खल्फानभाईंचं एक्स्पीरियन्स लेटर

अमेरिकेतल्या श्रूजबरीच्या इंडियन ग्रोसरीत शिवांगीच्या हातातली कांद्याची जाळी फाटली आणि कांदे दुकानभर घरंगळले. आम्ही नवरा-बायको वाकून गोळा करायला लागलो. तांदळाच्या पोत्यांपाशी एक उंच, पांढऱ्या दाढीचा माणूस शेल्फ लावत होता. एक कांदा त्याच्याकडे गेला. त्याने तो बुटाच्या टोकावर घेतला, गुडघ्याएवढा उडवला, हातात झेलला आणि शिवांगीला दिला. मी नागपूरचा, क्रिकेट सोडून दुसऱ्या कुठल्या खेळातलं मला काही कळत नाही. तरी हा पाय साधा नाही एवढं समजलं.

"आप फुटबॉल खेलते थे क्या?" मी विचारलं.

"सतरा साल. एक ही क्लब," ते म्हणाले आणि पुन्हा पोती लावायला लागले.

खल्फानभाई ओमानचे, समुद्रकाठच्या सूर गावचे. तिथे मासळीच्या शीतगृहात ते कारकून होते आणि बरोबरचे निम्मे कामगार केरळचे नि यूपीचे, त्यामुळे त्यांचं हिंदी माझ्यापेक्षा बरं होतं. आमचं पुढचं सगळं बोलणं हिंदीतच झालं, इथे मी ते मराठीत सांगतो आहे. बायको वारल्यावर त्यांच्या मुलीने, रय्याने, त्यांना इकडे आणलं. ती वूस्टरला एका हॉस्पिटलात फार्मसिस्ट. ती आणि जावई सकाळी सातला घराबाहेर पडले की ह्यांना भिंती खायला उठायच्या. म्हणून दुपारी दुकानात यायचे.

त्यांची कारकीर्द मी त्यांच्याकडून तुकड्यातुकड्यांनी ऐकली, बहुतेक दुकानामागच्या पार्किंग लॉटमध्ये. क्लबचं नाव अल-मीना. गावातला लहानसा क्लब, मैदानाला गवत कमी आणि वाळू जास्त. अठराव्या वर्षी पहिल्या संघात आले ते पस्तिसाव्या वर्षी थांबले. सकाळी शीतगृहात नोकरी, संध्याकाळी सराव. जागा मधल्या फळीत. मिडफिल्डर म्हणजे काय हे मला त्यांनी समजावलं तेव्हा मला आपल्याकडच्या पंगतीतला वाढपी आठवला. सगळ्यांच्या पानात पडतं ते त्याच्या हातून, पण जेवण कुणाचं छान झालं विचाराल तर लोक आचाऱ्याचं नाव घेतात. सतरा वर्षांत त्यांचे स्वतःचे गोल अकरा. दुसऱ्यांना किती करून दिले ते कुणी मोजले नाहीत.

एकदा त्यांना राष्ट्रीय संघाच्या सराव शिबिराला बोलावलं होतं. तीन आठवडे. तिसऱ्या आठवड्यात गुडघा सुजला आणि घरी पाठवलं. देशाकडून एकही सामना ते खेळले नाहीत. हे त्यांनी मला स्पष्ट सांगितलं होतं, एकदा नव्हे, दोनदा. पुढे जे घडलं त्यासाठी हे लक्षात ठेवायला हवं.

पुढच्याच वर्षी कतारच्या एका क्लबने त्यांना बोलावलं. अल-मीनाचे अध्यक्ष गावातले वडीलधारे. ते घरी आले, कॉफी प्यायले आणि म्हणाले, "खल्फान, तू गेलास तर आपण खालच्या डिव्हिजनला जाऊ." खल्फानभाई राहिले. त्या वर्षी क्लब खालच्या डिव्हिजनला गेलाच.

"मग पुढच्या वर्षी का नाही गेलात?" मी विचारलं.

"खाली गेलेल्या क्लबला सोडून कसं जायचं?"

मी हसलो. तसा मीही एकाच कंपनीत चौदा वर्षं काढली आहेत. पण माझी निष्ठा ग्रीन कार्डाच्या रांगेतली. कंपनी बदलली की निम्मे कागद पुन्हा करायचे, म्हणून नाकासमोर बघून बसलेलो. त्यांच्या राहण्याशी माझ्या राहण्याची तुलना करायची नसते, हे मला तेव्हाही कळायला हवं होतं.

आमची रुही तेव्हा दहा वर्षांची, गावच्या मुलींच्या टीममध्ये खेळायची. मी खल्फानभाईंना शनिवारी मैदानावर घेऊन गेलो. पहिल्या दिवशी ते नुसते उभे राहिले. दुसऱ्या शनिवारी रुहीला म्हणाले, "बॉल येण्याआधी मागे बघ." तिसऱ्या शनिवारी अकरा मुली त्यांच्याभोवती. "कोच, वॉच धिस! कोच, वॉच मी!" त्यांचं इंग्लिश मोडकं, मुलींचं हिंदी शून्य, पण कुणाचं काही अडलं नाही. ज्या माणसाला मी आठवडाभर तांदळाच्या पोत्यांमध्ये पाहायचो तो शनिवारी दहा वर्षांनी लहान दिसायचा. रय्या मला म्हणाली, "रवीभाई, बाबा आता शुक्रवारी रात्री स्वतःचे बूट पुसून ठेवतात." ते ऐकून मला फार बरं वाटलं होतं. श्रेय घ्यायला मी आधीच तयार होतो.

मग गावातल्या एका खासगी क्लबला मुलींसाठी असिस्टंट कोच हवा होता. तिथली डायरेक्टर मेगन हिने खल्फानभाईंना मैदानावर पाहिलं होतं. तिला ते आवडले होते. ती म्हणाली, कोचिंगचं लायसन्स पुढे करता येईल, फक्त सीनिअर लेव्हलला खेळल्याचा एखादा कागद द्या.

फक्त एक कागद! मला तर हुरूप आला. मराठी माणसाला अमेरिकेत दुसरं काही येवो न येवो, एक्स्पीरियन्स लेटर मिळवता येतं. कंपनी बुडलेली असो, मॅनेजर परागंदा झालेला असो, आम्ही लेटर आणतो. मी खल्फानभाईंकडून नंबर घेऊन सूरला फोन लावले. अल-मीना आता अस्तित्वात नव्हता, शेजारच्या क्लबमध्ये विलीन होऊन नवं नाव लागलं होतं. जुनी रजिस्टरं २००७च्या चक्रीवादळात भिजून गेली होती. नवीन क्लबचा सेक्रेटरी सज्जन होता. त्याने आठ दिवस शोधलं आणि खल्फानभाईंना फोनवर सांगितलं, "जे खेळाडू सोडून गेले त्यांचे ट्रान्सफरचे कागद दुसऱ्या क्लबांकडे सापडतात. तुम्ही कुठे गेलाच नाहीत. तुमचा कागद कुणाकडे असणार?"

खल्फानभाईंनी फोन ठेवला. मग म्हणाले, "जाऊ दे रवी. मी फुकट शिकवतो तेच बरं आहे."

त्यांचं ऐकलं असतं तर! पण मी कुठला ऐकायला. ओमानचे ते, पण उंटावरचा शहाणा मी होतो. म्हणालो, "भाई, कंपनी नसेल तर बरोबर काम केलेल्या माणसाचं अ‍ॅफिडेव्हिट चालतं. माझं स्वतःचं असंच झालंय." ते खरंही होतं. पुण्यातली माझी पहिली कंपनी बंद पडली तेव्हा जुन्या टीम लीडच्या नावाने मीच पत्र लिहिलं होतं, त्याने सही ठोकली होती. आमच्यात सगळे असंच करतात. आपणच लिहायचं, सही दुसऱ्याची घ्यायची, आणि लिहिताना हात जरा सढळ ठेवायचा. दोन वर्षं टेस्टिंग केलं असेल तर 'लीड केलं' लिहायचं. त्याला कुणी खोटं म्हणत नाही.

अल-मीनाचा जुना गोलकीपर हमूद सूरलाच होता. त्याच्या नावाने मी पत्र लिहिलं. सतरा हंगाम, मधली फळी, चार वर्षं कॅप्टन. वाचून पाहिलं तर फिकं वाटलं. म्हणून आणखी एक ओळ घातली, की हे राष्ट्रीय संघाकडूनही खेळले आहेत. शिबिराला बोलावलं होतंच ना, मी स्वतःची समजूत घातली. गुडघा सुजला नसता तर खेळलेच असते.

खल्फानभाईंना इंग्लिश वाचता येत नव्हतं. "वाचून दाखव," म्हणाले. मी हिंदीत सगळं वाचून दाखवलं. ती ओळ आली तेव्हा मी पुढच्या ओळीवर गेलो.

हमूदने इंग्लिश पत्रावर सही केली, फोटो काढून पाठवला. आम्ही तो मेगनला दिला.

दोन आठवड्यांनी तिने बोलावलं. मी दुभाष्या म्हणून बरोबर गेलो. मेगनच्या टेबलावर ते पत्र होतं. ती सरळ बोलणारी बाई, आवाज चढवला नाही. म्हणाली, "ह्यात लिहिलंय की तुम्ही ओमानच्या नॅशनल टीमकडून खेळलात. आम्ही पाहिलं. कुठल्याच यादीत तुमचं नाव नाही."

मी भाषांतर केलं.

"मी खेळलोच नाही," खल्फानभाई म्हणाले. "असं कुठे लिहिलंय?"

"पत्रात," मी म्हणालो.

"हमूदने?"

हमूदला इंग्लिश येत नाही हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त माहीत होतं. त्यांनी माझ्याकडे एकदा पाहिलं, रागाने नाही, जणू मी कुठे उभा आहे ते बघत होते.

मेगनने विचारलं, "हे पत्र लिहिलं कुणी?"

'मी' एवढंच म्हणायचं होतं. पण माझी ग्रीन कार्डाची फाइल शेवटच्या टप्प्यात होती. त्या खोलीत माझ्या डोक्यात एकच शब्द फिरत होता, फ्रॉड. कुठे नोंद झाली, कुणी विचारलं, माझ्याही जुन्या पत्रापर्यंत गेलं तर? शिवांगी, रुही, घराचं कर्ज, सगळं एका क्षणात समोर आलं. मी मूग गिळून गप्प बसलो.

"मी," खल्फानभाई इंग्लिशमध्ये म्हणाले. "माय मिस्टेक."

मेगनला वाईट वाटलेलं दिसत होतं. तरी तिने सांगितलं की मुलांच्या बाबतीत विश्वास महत्त्वाचा, हे काम देता येणार नाही, आणि गावच्या टीमलाही तिला कळवावं लागेल. म्हणजे शनिवारही गेला.

गाडीत मी माफी मागायला तोंड उघडलं, तर त्यांनीच विचारलं, "तुझं कार्ड कधी येणार?"

"वर्ष-दीड वर्षात. बहुतेक."

"मग गप्प राहिलास ते बरोबर." थोड्या वेळाने म्हणाले, "रवी, सतरा वर्षांत समोरच्याचा पाय न लागता मी कधी पडलो नाही. रेफ्रीला फसवून एक फ्री किक घेतली नाही. सगळे म्हणायचे, पड, काय जातं."

त्यांच्या घरासमोर मी गाडी थांबवली. ते उतरले, दार हळू लावलं.

चार दिवसांत पालकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर कुजबुज सुरू झाली. 'फेक रेझ्युमे, यार.' 'थँक गॉड वेळेवर कळलं.' लिहिणाऱ्यांपैकी किमान तिघांचे रेझ्युमे मी माझ्या हाताने सढळ केलेले होते. पण बोलणार कोण? मीही तिथे अंगठ्याचा इमोजी टाकून मोकळा झालो.

रुही शनिवारी मैदानावरून आली ती बूट न काढता स्वयंपाकघरात उभी राहिली. "बाबा, इज कोच अ लायर?"

"कोण म्हणालं?"

"एव्हरीवन."

"नाही गं," मी म्हणालो. "काहीतरी मिक्सअप झालं."

शिवांगीला मी सगळं सांगितलं होतं. ती ओट्यापाशी पाठ करून उभी होती. रुही वर गेल्यावर म्हणाली, "मिक्सअप? रवी, तिला तरी खरं सांग."

"कार्ड आलं की सगळ्यांना सांगतो," मी म्हणालो. मनापासून म्हणालो होतो, ह्याचीच मला आज जास्त लाज वाटते.

खल्फानभाईंनी दुकान सोडलं नाही. मी गेलो की नेहमीसारखे "कैसे हो" म्हणायचे. फुटबॉलचा विषय मात्र त्यांनी बंद केला. हळूहळू मीच लांबच्या दुकानात जायला लागलो, दहा मैल जास्त ड्राइव्ह करून. रय्या एकदा गॅस स्टेशनवर भेटली. म्हणाली, बाबा शनिवारी दिवसभर खिडकीशी बसतात, तिने त्यांना काय झालं विचारलं तर 'थंडी फार आहे' म्हणतात. तिला काहीच माहीत नव्हतं. मुलीलाही त्यांनी माझं नाव सांगितलं नव्हतं. त्या हिवाळ्यानंतर ते सूरला परत गेले, भावाकडे.

माझं कार्ड त्यानंतर पाच महिन्यांनी आलं. घरात पेढे आले, फोटो निघाले. त्याच रात्री शिवांगीने माझ्यासमोर लॅपटॉप ठेवला. मी मेगनला लिहिलं. चांगलं दोन पानी पत्र लिहिलं, लिहिताना रडलोही. चार दिवसांनी तिचं उत्तर आलं, दोन ओळींचं. कळवल्याबद्दल आभार, त्यांच्याबद्दल वाईट वाटलं, जागा केव्हाच भरली आहे.

मग मी सूरला फोन लावला. खल्फानभाईंचा आवाज म्हातारा झाला होता. मी सांगितलं, भाई, मी मेगनला सगळं खरं लिहिलंय, चूक माझी होती म्हणून.

मागे कुणाचा तरी टीव्ही चालू होता.

"इंग्लिशमध्ये लिहिलंस?"

"हो."

"सही करून?"

"हो भाई. माझं नाव, पत्ता, सगळं."

"त्यात सतरा वर्षं लिहिलीस ना? अल-मीनाचं नाव?"

लॅपटॉप समोरच होता. मी पत्र उघडलं आणि बोट फिरवत वर-खाली पाहिलं. माझी भीती होती, माझी फाइल होती, माझी बायको-मुलगी होती, मला रात्रीची झोप येत नाही हे होतं. त्यांचं नाव एकदा आलं होतं, 'मिस्टर खल्फान' असं. अल-मीना कुठेच नव्हता. सतरा हा आकडा कुठेच नव्हता.

"लिहिलंय," मी म्हणालो.

"मग एक कॉपी मला पाठव," ते म्हणाले, आणि त्या सगळ्या काळात पहिल्यांदा त्यांच्या आवाजात जरा जीव आला. "इथे भावाच्या नातवांना खरं वाटत नाही मी खेळायचो ते. कागद बघितला की वाटेल."

पाठवतो म्हणालो. ह्याला सात आठवडे झाले. रोज बसतो, 'सतरा हंगाम' इथपर्यंत लिहितो, आणि तारीख कुठली घालायची तिथे अडतो. आजची घातली, तर फोनवर मी खोटं बोललो ते उघडं पडेल. मेगनला पाठवलेल्या पत्राची घातली, तर ह्या माणसाच्या नावावर मी आणखी एक खोटा कागद करेन.