कितीही वेळा

रविवारी, म्हणजे इराणात कामाच्या दिवशी, सकाळी अकरा वाजून वीस मिनिटांनी हेंगामे नोंदणी कचेरीच्या बाकावर बसून होती आणि नवऱ्याचा पत्ता नव्हता. कचेरी आबादानच्या अहमदाबाद वस्तीत, मासळीबाजाराच्या डोक्यावर. तिथल्या प्रत्येक कागदाला, लग्नाच्या असो की तलाकच्या, मासळीचा वास. बारा वाजता तिला तेहरानला फोन करून एवढंच सांगायचं होतं की कागद झाला, किंवा झाला नाही. झाला नाही तर राष्ट्रीय संघाच्या व्यवस्थापक बाई यादीतलं तिचं नाव खोडून दुसऱ्या मुलीचं घालणार होत्या. बाईंनी ते गोड आवाजात सांगितलं होतं, पण सांगितलं होतं.

कागद म्हणजे नवऱ्याची परवानगी. लग्न झालेल्या बाईला देशाबाहेर जायचं तर नवऱ्याने कचेरीत येऊन सही करायची, अंगठा उठवायचा. मग ती बाई डॉक्टर असो नाहीतर फुटबॉलच्या मधल्या फळीत खेळणारी असो. हेंगामेकडे पासपोर्ट होता. चार वर्षांपूर्वी सासूला करबलेच्या यात्रेला न्यायचं म्हणून काढलेला. तेव्हा नवऱ्याने, कियूमर्सने, हसतहसत सही केली होती, 'एकदाच जाण्यासाठी'. यात्रा झाली आणि सहीही संपली.

आता ती एकतीस वर्षांची होती आणि राष्ट्रीय संघाने पहिल्यांदा बोलावलं होतं. एकतिसाव्या वर्षी पहिल्यांदा. दुसऱ्यांदा बोलावतील अशा भ्रमात ती नव्हती. बोलावणं दोन प्रवासांचं होतं. आधी ताश्कंदला सरावाचा सामना, मग आठवडाभर परत तेहरानला, आणि मग अम्मानला पात्रता फेरी. बाईंनी स्पष्ट बजावलं होतं, की एकाच प्रवासाची परवानगी आणू नका, अर्ध्यावर अडकलेली खेळाडू आम्हाला नको.

हे सगळं तिने कियूमर्सला दोनदा सांगितलं होतं. तो काही बहिरा नव्हता.

या नवऱ्याला ती वयाच्या सातव्या वर्षापासून ओळखत होती. गल्लीत प्लास्टिकचा चेंडू खेळत. तो हलका, वाऱ्यावर भरकटणारा. म्हणून एक चेंडू चिरून त्याच्या पोटात दुसरा बसवायचा, म्हणजे वजन येतं. हे काम हेंगामे बापाच्या दाढीच्या पात्याने असं सफाईने करायची, की चेंडू तिचाच असायचा, आणि चेंडू तिचा म्हणून पोरांना तिला खेळवावं लागायचं. पण मधे कुणाला उभं राहायचं नसे, सगळ्यांना गोल हवा. कियूमर्स तिच्याहून दोन वर्षांनी मोठा. त्याने तिला मधे उभं केलं आणि सांगितलं, चेंडू आला की मला द्यायचा. पाच वर्षं ती देत राहिली. तो गोल मारायचा आणि शर्ट डोक्यावर ओढून गल्लीभर धावायचा.

बाराव्या वर्षी आईने गल्ली बंद केली. मग शाळेची बंदिस्त खोली, मग शहरातल्या बायकांचा संघ. उन्हाळ्यात सराव पहाटे साडेपाचला, कारण आठ वाजता मैदान तव्यासारखं तापतं आणि यांच्या अंगावर पूर्ण बाह्या, पायांना घट्ट विजार, डोक्याला रुमाल. एकदा घोटा मोडला. एकदा संघच मोडला, तेव्हा दोन वर्षं ती शाळेतली कवायत शिकवण्याची नोकरी सांभाळून मिनीबसने अहवाझला जाऊन खेळली. ती गोल करत नसे. दुसरीला तो करता यावा अशा जागी चेंडू ठेवायची, आणि तो तिथे पोचायच्या आधी पुढच्या जागेकडे बघायची. अशा खेळाडूचं नाव कुणाच्या लक्षात राहत नाही. तिचं राहायला चौदा वर्षं लागली.

आणि कियूमर्स? शहराच्या पिवळ्या शर्टाच्या संघात निवडचाचणीला तो तीनदा गेला आणि तीनदा परत आला. मग तेल शुद्धीकरण कारखान्यात वेल्डिंगला लागला. माणूस वाईट नाही. आईला सांभाळतो, हेंगामेच्या सरावाच्या दिवशी भात स्वतः लावतो. फक्त तो अस्सल आबादानी आहे. आबादानच्या फुशारकीवर सगळा इराण विनोद करतो आणि आबादानी माणूस त्या विनोदांना आपली जाहिरात समजतो. बायकांच्या सामन्याला पुरुषांना आत सोडत नाहीत, म्हणून कियूमर्सने लग्नानंतर बायकोचा एकही सामना पाहिलेला नव्हता. भिंतीबाहेर उभा राहून आतल्या आरड्यावरून अंदाज बांधायचा. पण चहाच्या दुकानात तो तिच्या खेळाची वर्णनं करायचा. तिने कधीच न मारलेले गोल तो पायाच्या कोनासकट सांगायचा.

बोलावणं बुधवारी आलं. दुकानात त्याने संध्याकाळच्या आत जाहीर केलं, की ताश्कंदपर्यंत तिची पिशवी मी खांद्यावरून नेणार. घरी आला आणि म्हणाला, "किती दिवस?" तिने सांगितलं. मग तो पंखा पुसायला लागला.

गुरुवारी म्हणाला, बघू. शुक्रवारी सासूने चिंचेतली मासळी केली होती, तेव्हा म्हणाला, गुडघ्याचं काय, एकतिसाव्या वर्षी कोणी नवीन सुरुवात करतं का. आणि ताट अर्धवट ठेवून उठला.

सासू, जिला सगळी गल्ली नने म्हणते, काटे वेचत म्हणाली, "पोरी, त्याच्या पोटात दुखतंय. तू चांगली खेळतेस त्याचं त्याला काही नाही. तुला बोलावलं, त्याचं दुखतंय."

"मग मी काय करू, नने?"

"मला काय विचारतेस. चेंडू कुठे ठेवायचा ते तुला कळतं म्हणतात ना सगळे."

हेंगामेने दोन दिवस विचार केला. घरात चार भिंतींच्या आत कियूमर्स नाही म्हणू शकतो. चारचौघांत त्याला नाही म्हणता येत नाही, ती त्याची जन्माची खोड. म्हणून रविवारी सकाळी कियूमर्स "येतो अकरापर्यंत" म्हणून बाहेर पडल्यावर तिने त्याच्या चहाच्या दुकानातल्या मित्राला, गोबादला, फोन केला. म्हणाली, गोबादभाऊ, यांची मोटरसायकल सारखी बंद पडते, तुम्ही तुमच्या गाडीतून घेऊन या, आणि वरपर्यंत या, चहा पिऊन जा. एवढंच.

अकरा चाळीसला जिन्यावर पावलं वाजली. पुढे गोबाद, मागे कियूमर्स, डोळ्यांवर काळा चष्मा. खोलीत जमिनीच्या भांडणाला आलेले दोन म्हातारे होते आणि नोंदणी अधिकारी बेहबहानी साहेब, ज्यांच्या मेजावर पिवळ्या संघाचा छोटा झेंडा होता.

बेहबहानींनी कागद पुढे ओढला. "बरं. हेंगामे खानूम, देशाबाहेर प्रवास. एकदाच लिहू की कितीही वेळा?"

कियूमर्सने चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. मग म्हणाला, "एकदाच."

बेहबहानींनी लेखणी उचलली आणि लिहायला घेतलं.

एकदाच म्हणजे नाहीच, आणि हे त्या माणसाला पक्कं ठाऊक होतं. उद्या कुणी विचारलं तर तो म्हणणार, मी तर सही दिली. घड्याळात अकरा पंचेचाळीस. इथे ती रडली तर म्हातारे मान हलवतील आणि कियूमर्स मोठ्या मनाने तिची समजूत घालील. भांडली तर तो जिना उतरेल. तिसरी एक जागा होती. तिथे चेंडू ठेवला तर गोल होईल किंवा चेंडू थेट दुसऱ्यांच्या पायात जाईल, आणि मग सामना संपला.

ती कियूमर्सशी बोललीच नाही. गोबादकडे वळून म्हणाली, "बरोबरच आहे त्यांचं, भाऊ. भीती वाटते बिचाऱ्यांना. बायको परत आलीच नाही तर."

एका म्हाताऱ्याने जपमाळ थांबवली. गोबादच्या ओठांच्या कोपऱ्यात हसू आलं, ते त्याने दाबलं आणि पुन्हा ते आलं. "कियूमर्स? भीती?" तो म्हणाला. "वहिनी, काल तर हा विमान चालवत नेणार होता."

कियूमर्सची मान लाल झाली. त्याने हेंगामेकडे पाहिलं. चष्म्याआडचे डोळे दिसत नव्हते. त्याचा हात दाराच्या बाजूच्या खुर्चीवर होता, आणि क्षणभर तिला वाटलं, गेला. त्याने खुर्ची मागे सरकवलीसुद्धा.

मग ती खुर्ची ओढून तो बसला.

"वुलेक," तो गोबादला म्हणाला, आबादानी माणूस दर दुसऱ्या वाक्याला म्हणतो तसं, "मला भीती? माझ्यासारखा नवरा सोडून ही जाणार कुठे? साहेब, खोडा ते. कितीही वेळा लिहा. चंद्रावर सामना असेल तर चंद्रही लिहा."

"चंद्राचा रकाना नाही," बेहबहानी म्हणाले.

सही झाली. निळ्या शाईत अंगठा बुडला. बारा वाजायला चार मिनिटं असताना हेंगामेने तेहरानला फोन केला.

घरी परतताना ती दोघं चालत आली. मोटरसायकल खरंच बंद पडली होती, आणि गोबादच्या गाडीत बसायला कियूमर्स तयार नव्हता. गल्लीतल्या नळाच्या कोपऱ्यावर तो थांबला.

"गोबादला तू बोलावलंस."

"हो."

"चारचौघांत नाचवलंस मला."

"हो. घरात तू ऐकत नव्हतास."

तो अंगठ्याची शाई पँटला पुसत होता. "दिलेली परवानगी मागे घेता येते. माहीत आहे ना?"

"माहीत आहे."

"कधीही. कारण द्यावं लागत नाही."

"तेही माहीत आहे, कियूमर्स."

त्याने धमकी दिली की नुसती माहिती दिली, हे तिला कळलं नाही. त्यालाही कळलं असेल असं नाही. संध्याकाळी त्याने तिचे बूट पुसून पिशवीत ठेवले. सोमवारी दुपारी ती शेजारच्या खुर्रमशहरहून तेहरानच्या गाडीत बसली, तेव्हा स्टेशनवर नने एकटी आली होती, वाटेत खायला सांबुसे घेऊन.

विमान बुधवारी दुपारी दोनचं. म्हणजे कचेरी उघडायची अजून दोनदा, मंगळवारी आणि बुधवारी, सकाळी आठला. मंगळवारी सराव शिबिरात आठच्या सुमाराला तिच्या पायाला चेंडू लागेना. सरळ आलेला चेंडू पायाखालून गेला. प्रशिक्षक बाई करवादल्या, आबादानहून पाय आणायचे विसरलीस का. मुली हसल्या. ती पण हसली. तिने कुणाला सांगितलं नाही, कारण सांगितलं असतं तर बाईंनी राखीव मुलीची पिशवी भरून ठेवली असती. त्यांची चूक नसती. त्या संघ चालवत होत्या.

कियूमर्सचा फोन आला नाही. तिनेही केला नाही. विचारलं तर आठवण करून दिल्यासारखं होईल, असं तिला वाटलं.

बुधवारी विमानतळावर सगळ्या एका रांगेत. पुढच्या मुली खटाखट शिक्का घेऊन पलीकडे जात होत्या. हेंगामेचा पासपोर्ट खिडकीतल्या तरुणाने उघडला, पडद्याकडे पाहिलं, तिच्याकडे पाहिलं, पुन्हा पडद्याकडे पाहिलं. "विवाहित?"

"हो."

"थांबा." तो पासपोर्ट घेऊन आतल्या खोलीत गेला.

चार मिनिटं. मागची मुलगी विचारत होती काय झालं. व्यवस्थापक बाई काचेपलीकडून हाताने विचारत होत्या काय झालं. हेंगामेने दोन्ही हात खिडकीच्या कडेवर सपाट ठेवले. चौदा वर्षांत पेनल्टीच्या वेळीसुद्धा तिने देवाला काही मागितलं नव्हतं. आताही मागितलं नाही. नुसती मोजत राहिली, किती जणी पलीकडे गेल्या ते. एकोणीस.

तरुण परत आला. का आत गेला होता ते त्याने सांगितलं नाही. शिक्का मारला आणि पासपोर्ट सरकवला.

पलीकडे जाऊन तिने पहिल्यांदा कियूमर्सला फोन लावला.

"गेलीस?" तो म्हणाला.

"गेले. शिक्का बसला."

मागे पंख्याचा आवाज येत होता. मग तो म्हणाला, "मी आज सकाळी कचेरीत गेलो होतो. नंबर घेतला. माझ्यापुढे दोघं होते. बसलो. मग माझा नंबर पुकारला आणि मी उठून जिना उतरलो."

हेंगामेने पासपोर्ट पिशवीत घातला.

"ऐकलंस का? उठून आलो मी."

"ऐकलं. का गेला होतास?"

"अगं, उठून आलो म्हणतोय ना."

"ते कळलं. मी विचारते, का गेला होतास?"

म्हणाला, नने विचारतेय, जेवलीस का.

ताश्कंदचा सामना त्या एक-दोनने हरल्या. तो एक गोल ज्या मुलीने मारला, तिला चेंडू हेंगामेने दिला होता. अम्मानला ती दोन सामने पूर्ण खेळली. पात्र ठरल्या नाहीत. त्यानंतर त्याच कागदावर ती आणखी तीनदा गेली, आणि प्रत्येक वेळी गाडी सुटल्यापासून शिक्का बसेपर्यंत तिच्या घशाखाली घास उतरला नाही.

आबादानच्या चहाच्या दुकानात ही गोष्ट आता सांगतात ती कियूमर्सच्या कौतुकाची. हातात नंबर, समोर खिडकी उघडी, आणि वाघ उठून चालू लागला. कियूमर्स स्वतः सांगतो तेव्हा त्याच्यापुढे दोघांच्या जागी नऊजण असतात. हेंगामे कधी तिथे असली तर ऐकून घेते. एकदा गोबादने तिला म्हटलं, "वहिनी, असा नवरा मिळायला नशीब लागतं." ती म्हणाली, "भाऊ, तुमच्या बायकोला पासपोर्ट आहे?"

गोबाद म्हणाला, नाही, पण तिला कुठे जायचंय. मग सगळ्यांसाठी त्याने चहाची आणखी एक फेरी मागवली.