दादाची एक रिंग

या सदरातले अनुभव मी दोन वर्षं नुसते वाचतोय, आणि खरं सांगायचं तर त्यातल्या निम्म्यांवर हसलोही आहे. भित्यापाठी ब्रह्मराक्षस, एवढंच माझं मत. आमच्या घरी दाराला लिंबू-मिरची बांधायची ती आई आणि काढून फेकायचो तो मी. शिक्षण मेकॅनिकल डिप्लोमा, नोकरी अंबडच्या एका कारखान्यात मशीनवर... म्हणजे जे मोजता येतं तेवढंच खरं मानणारा माणूस. आजही मी कुठल्या भगताच्या पायरीवर जात नाही. पण एक गोष्ट मला तीन वर्षं उलगडलेली नाही. तुम्हाला उलगडली तर सांगा.

२००६ चा मार्च. नाशिक, सिडको, तीन मजली बिल्डिंग, आम्ही दुसऱ्यावर. घरात तिघंच — आई, थोरला भाऊ आणि मी. वडील मी दहावीत असताना गेले, तेव्हापासून घर दादाच चालवायचा. त्याची एक पिकअप होती. द्राक्षांच्या सीझनमध्ये पॅकिंगची कोरी खोकी भरून तो निफाड, विंचूरकडच्या शेडवर पोचवायचा. मला कॉम्प्युटर त्यानंच घेऊन दिला, ड्रॉइंग शिकायला. ड्रॉइंग मी किती केलं ते देव जाणे, गेममध्ये गोळ्या मात्र रोज झाडल्या. "एवढ्या गोळ्या झाडतोस, घरातला एखादा उंदीर तरी मार," असं दादा म्हणायचा.

त्या काळी निम्मं जग मिस्ड कॉलवर बोलायचं. आमच्या घरचा नियम असा — एक रिंग म्हणजे पोचलो, दोन म्हणजे परत निघालो, आणि रिंग थांबलीच नाही तर उचला, काम आहे. एका रिंगला फोन उचलायचा नाही, हे आईलाही पाठ होतं. आईचं एक खूळ होतं. दादा गाडी घेऊन गेला की त्याची रिंग येईपर्यंत ती जेवायची नाही. वडील प्रवासातच गेले होते, त्यामुळे असेल. दादा यावरून तिला किती रागवायचा, पण ऐकेल तर शपथ.

घरात मोबाइल दोनच, एक दादाचा आणि एक माझा. दादाची रिंग माझ्या फोनवर यायची. माझ्या सेकंडहँड फोनची बॅटरी फार टिकायची नाही, म्हणून सुट्टीच्या दिवशी तो केबलनं कॉम्प्युटरला जोडलेलाच असायचा. फोनबरोबर आलेल्या सीडीतलं एक सॉफ्टवेअर मी हौसेनं टाकलं होतं. फोन वाजला की स्क्रीनच्या उजव्या कोपऱ्यात खाली एक छोटी निळी चौकट यायची आणि तिच्यात नाव. आधी मला त्याचं फार कौतुक होतं. मग आम्ही शेजारच्या दोन बिल्डिंगांमधून केबल ओढून पाच-सहा जणांचं नेटवर्क केलं, रविवारी दुपारी मॅचेस सुरू झाल्या, आणि ती चौकट माझी वैरीण झाली. कारण ती आली की अख्खा गेम मिनिमाइज होऊन खाली जायचा. परत वर आणेपर्यंत समोरच्यानं आपल्याला झोपवलेलं. मग गॅलरीतून सगळे ओरडणार.

त्या रविवारी फायनल होती. हसू नका, आमच्यासाठी फायनलच होती. सकाळी मी नीट बसून तयारी केली. बोर्डात स्पीकरला जागा नव्हती, म्हणून तिथला एक प्लग उपटून स्पीकरचा लावला. सॉफ्टवेअरच्या सेटिंगमध्ये जाऊन नोटिफिकेशनच्या सगळ्या टिका काढल्या. घड्याळाशेजारचं त्याचं चिन्ह होतं, तेही एक्झिट केलं. फोन सायलेंट. दीडच्या सुमारास दादा दारात येऊन "निघालो रे" म्हणाला. मी मान न वळवता "हं" म्हणालो.

दादा साधारण तीनपर्यंत विंचूरला पोचायचा. सव्वातीनला आई दारात आली. रिंग आली का, म्हणाली. मी नाही म्हणालो. पाच मिनिटांनी पुन्हा आली. मग पुन्हा. चौथ्यांदा आली तेव्हा मी अगदी मोक्याच्या जागी दबा धरून बसलो होतो. फोनकडे न बघताच मी म्हणालो, "आला, आला. पोचला तो. जेव तू आता."

आई जेवायला गेली. आतून ताट घेतल्याचा आवाज आला आणि मला हायसं वाटलं. हे लिहिताना माझी मलाच लाज वाटते, पण वाटलं.

त्यानंतर दहाएक मिनिटं झाली असतील. गेम खटकन खाली गेला. डेस्कटॉप, आणि उजव्या कोपऱ्यात निळी चौकट. आत 'दादा'. एका रिंगला लागतो तेवढा वेळ राहिली आणि गेली.

मला पहिली गोष्ट वाटली ती म्हणजे राग. टिका काढल्या, प्रोग्रॅम बंद केला, तरी ही बया आलीच कशी? दुसरी गोष्ट वाटली, बरं झालं, म्हणजे आपण आईला खोटं बोललो नाही. उशिरा का होईना, पोचला. मी गेम वर घेतला.

थोड्या वेळानं पुन्हा तेच. 'दादा', एक रिंग, गायब. आता मी टास्क मॅनेजर उघडून बघितला. त्या सॉफ्टवेअरचं नावसुद्धा यादीत नव्हतं. गॅलरीतून एक जण ओरडत होता की झोपलास का. मी वैतागून फोनची केबलच उपटली आणि फोन गादीवर उपडा फेकला. म्हटलं, आता ये.

आली. केबल माझ्या डाव्या हातात लोंबत होती आणि चौकट स्क्रीनवर होती. तरीही मला भीती वाटली नाही. कॉम्प्युटर हँग होतो, जुनं काहीतरी मेमरीत अडकतं, असं मी स्वतःला समजावलं. डिप्लोमावाला ना मी. खेळत राहिलो.

चौथ्यांदा चौकट आली ती चारच्या पुढे. मी जायची वाट बघत होतो, पण ती जाईना. एक रिंग झाली, दोन झाल्या... आवाज काहीच नाही, नुसती चौकट आणि नाव. आमच्या नियमाप्रमाणे याचा अर्थ एकच होता — उचल, काम आहे. मी माउसनं चौकटीवर क्लिक केलं आणि ती विझली.

गादीवरचा फोन घेऊन बघितला. एकही मिस्ड कॉल नाही. दादाला लावला, तर फोन बंद असल्याची टेप. विंचूरच्या शेडवरच्या मॅनेजरना लावला. ते म्हणाले, गाडी आलेलीच नाही, आम्हीच वाट बघतोय.

आईला मित्राकडे जातो असं सांगून मी मोटरसायकल काढली. ती ताट घासत होती. जेवली का विचारलं तर म्हणाली, हो, पोटभर.

चांदोरीच्या पुढे दादा कधीकधी पाटाच्या कडेचा कच्चा रस्ता धरायचा. तिकडच्या एका बागाईतदाराची खोकी आधी उतरवायची असायची. त्याच्याबरोबर दोन-चारदा गेलो होतो, म्हणून तिकडेच वळलो. लांबूनच पाटाच्या पाण्यात खोकी तरंगताना दिसली. पिकअप काठाखाली आडवी झाली होती. तिथे एक म्हातारी आणि तिच्या तीन-चार शेळ्या, बाकी कोणी नाही. तिनं सांगितलं, पोराचे पाय गाडीखाली दबले होते, मळ्यातली माणसं गोळा करून ट्रॅक्टरनं गाडी उचलली आणि त्याला निफाडला नेलं. मी निफाडला पोचलो तेव्हा साडेपाच वाजून गेले होते. डॉक्टर म्हणाले, आणला तेव्हाच गेलेला होता.

पुढचं सगळं लिहीत नाही.

तिसऱ्या-चौथ्या दिवशी पाहुण्यांना झोपायला जागा करायची म्हणून कॉम्प्युटरचं टेबल सरकवलं. मागे भिंतीच्या कडेला दादाचा फोन पडलेला होता, चार्जरसकट. स्पीकर लावायला मी उपटलेला प्लग त्याच चार्जरचा होता. बॅटरी संपून फोन बंद झालेला. दादा तो घरीच विसरून गेला होता आणि ते कोणाच्याही लक्षात आलं नव्हतं. मी बसलो होतो तिथून तो फोन दोन हातांवर पडला होता.

आईनं तो उचलला, पदरानं पुसला आणि दादाच्या फोटोपुढे ठेवला. मी नंतर गुपचूप चार्ज करून बघितला. त्यातला शेवटचा कॉल आदल्या रात्रीचा होता.

मी जमेल तिथे चौकशी केली. कंपनीतल्या आयटीवाल्याला विचारलं, तो म्हणाला की केबल काढल्यावर चौकट येणं शक्यच नाही, तुला भास झाला असेल. भास होता असं धरलं असतं. पण त्या दिवशी माझा गेम चारदा मिनिमाइज झाला, मी चारही वेळा मेलो, आणि ते बाकीच्या पाचही जणांनी आपापल्या स्क्रीनवर बघितलं. फायनल आम्ही त्यामुळेच हरलो. भासानं दुसऱ्याच्या स्क्रीनवर माणूस मरतो का?

तेरावं झाल्यावर मी एकटाच पुन्हा त्या पाटावर गेलो. म्हातारी तिथेच शेळ्या घेऊन होती. माझ्या गळ्यात दादाचाच टॉवेल होता, तिनं तो ओळखला की मला, कोण जाणे. दादा काही बोलला का, असं मी विचारलं.

"लय वेळ बोलत व्हता," ती म्हणाली. "मान्सं दूरच्या मळ्यात, मला पळवना. मी जाऊन हाका मारायची, फिरून त्याच्याकडं यायची. दर खेपंला फोन मागायचा. म्हनं, आजे, फोन दे, घरी येक रिंग द्यायची हाय. आई जेवायची थांबली आसंल."

"मग?"

"मंग काय? माझ्याकडं कुठला बाबा फोन."

किती वेळा मागितला, असं मी विचारलं. ती माझ्याकडे जरा रागानंच बघायला लागली. "म्या काय मोजत बसले व्हते?"

ती बोलली ते बरोबरच होतं. मोजत मीच बसलोय. पहिली चौकट आली तेव्हा निघालो असतो, तर तासाभरात तिथे पोचलो असतो. दादा वाचला नसता कदाचित. पण 'लय वेळ' बोलत होता म्हणे. मी पोचलो असतो तर त्याला सांगता आलं असतं, की आई जेवली. एवढंच त्याला हवं होतं, आणि ते फक्त मला माहीत होतं. हा हिशेब मी रोज करतो आणि तो रोज तिथेच येऊन थांबतो.

त्या संध्याकाळी घरी आलो तर आई फोटोपुढे बसलेली. दादाचा फोन तिच्या मांडीवर होता. मला जवळ बसवून घेतलं आणि म्हणाली, "फोन तर घरातच राहिला होता त्याचा. मग तू म्हणालास, रिंग आली... ती कुठून दिली त्यानं?"

इतके दिवस ती हेच मनात घोळवत होती. मी म्हणालो, कॉइन बॉक्सवरून दिली असेल वाटेतल्या.

"पण दिली ना?"

तुम्हीच सांगा, काय सांगायचं? आला म्हणालो तेव्हा काहीच आलेलं नव्हतं. तिनं जेवण उरकावं, कटकट संपावी म्हणून मी फेकलेलं ते खोटं होतं. आणि दहा मिनिटांनी आली ती... तिला काय म्हणू?

"दिली, आई."

तिनं मान हलवली. बराच वेळ फोनच्या बटणांवरून बोट फिरवत राहिली. मग म्हणाली, "म्हणजे मी जेवले ते काही चुकलं नाही."

मी म्हणालो, "नाही चुकलं."

कॉम्प्युटर पुढे विकला, ते नेटवर्कही कधीच गेलं. माझ्या फोनमध्ये दादाचं नाव तसंच आहे, आणि फोन मी आता सायलेंटवर ठेवत नाही. आई आजही माझी रिंग आल्याशिवाय जेवायला बसत नाही. कंपनीत पोचलो की मी एक रिंग देतो, आणि ती दादाच्या फोनवर जाते.