सरकार बंद पडलं तेव्हा

अमेरिकेतल्या नोव्हाय गावच्या मराठी घरांत कुणाचं बाळंतपण जवळ आलं, की भानुदासकाका मेश्राम हमखास तिथे असायचे. काका मूळचे नागपूरचे, आता रिटायर झालेले इंजिनियर. पत्नी गेल्यापासून एकटेच राहत. सकाळी पेपर शेवटच्या पानापर्यंत वाचायचा, मग कुणाला एअरपोर्टवर, कुणाला डॉक्टरकडे सोडायचं, असा त्यांचा दिवस जाई.

पंच्याण्णवच्या डिसेंबरात त्यांतल्याच एका घरातल्या भावनाचे दिवस भरत आले होते. तिची आई नागपूरहून यायची होती. पण बजेटवरून राष्ट्राध्यक्ष आणि इथली संसद यांचं वाजलं, खर्चाची मंजुरी अडली आणि बरीच सरकारी ऑफिसं बंद पडली. मुंबईतलं व्हिसाचं कामही थांबलं.

भावना रडकुंडीला आली. एवढ्या मोठ्या राष्ट्राध्यक्षाला एक ऑफिस उघडता येत नाही का, असं तिनं काकांनाच विचारलं.

"नाही येत," काका म्हणाले. "पैसा मंजूर करायचा तो संसदेनं. घटनेत तसं मुद्दाम ठेवलंय. त्रास होतो पोरी, पण सगळं एकाच्या हातात दिलं तर याहून जास्त होतो."

तिला पटलं, पण पटून आई थोडीच येणार होती.

काकांच्या ओळखीची, गावातल्या छोट्या पेपरची बातमीदार या बंदबद्दल विचारायला घरी आली, तेव्हा भावना बिचकली. राष्ट्राध्यक्षाविरुद्ध छापून आलं आणि आईचा व्हिसा कायमचा अडकला तर? नवरा धम्मदीपही नको म्हणत होता. काका खुर्ची ओढून तिच्या शेजारी बसले. शेवटी ती बोलली, "दोघांच्या भांडणात माझ्या आईनं का अडकायचं?"

ते वाक्य तिच्या फोटोसकट छापून आलं. जाब विचारायला कुणी आलं नाही. आल्या त्या दोन अनोळखी शेजारणी, गरम सूप घेऊन.

बाळ आजीच्या आधीच आलं. काकांनी नागपूरला तिच्या आईला फोन करकरून डिंकाचे लाडू वळले. पहिले इतके कडक झाले, की धम्मदीपनं ते बत्त्यानं फोडले. भावनानं मात्र एकही टाकू दिला नाही.

जानेवारीत ऑफिसं उघडली, फेब्रुवारीत आई आली. काकांनी एअरपोर्टवर जयभीम करून तिची बॅग उचलली. वाटभर तिनं राष्ट्राध्यक्ष आणि संसद दोघांनाही नागपुरी हिसका दाखवला, आणि काका मनापासून हसत ऐकत राहिले. घरी पोचल्यावर तिनं कोटही न काढता नातीला मांडीवर घेतलं. काका चहा टाकायला आत गेले.