हिप्परग्याच्या तळ्यावरची काळी मेंढरं

ती चित्रकार बाई स्कॉटलंडची. धुकं, ओले डोंगर आणि उतारावरची मेंढरं रंगवण्यात तिची चाळीस वर्षं गेली होती. गुडघे धरले तेव्हा डॉक्टरांनी कोरड्या हवेत जायला सांगितलं, म्हणून ती सोलापुरात भावाकडे आली. भाऊ इथल्या एका गिरणीत इंजिनिअर होता. मी मुलींच्या शाळेत चित्रकला शिकवायची. मला एकविसावं लागलं होतं. इंग्रजी बोलता येतं म्हणून मोठ्या बाईंनी मला तिच्या सोबतीला दिलं.

दिवाळीनंतरच्या एका सकाळी आम्ही टांग्यानं हिप्परग्याच्या तळ्यावर गेलो. तिनं तिकाटणं उभं केलं, त्यावर कॅनव्हास लावला आणि भराभर रंग लावायला लागली. तळं, बांध, पलीकडची ज्वारी. मी श्वास रोखून बघत होते. शाळेत मी मुलींना फुलदाणीशिवाय काही काढायला लावलं नव्हतं!

इतक्यात एक म्हातारी धनगरीण मेंढरं घेऊन आली. बाईनं तीही लगेच चित्रात घेतली, तशी म्हातारी जवळ येऊन चित्रात डोकावली.

"ही कुणाची मेंढरं म्हनायची?" तिनं मला विचारलं. "आमच्यात येक बी पांढरं न्हाय की!"

खरंच, समोर सगळी काळी आणि चित्रात कापसासारखी पांढरीशुभ्र! मी भीतभीत इंग्रजीत सांगितलं. बाईनं समोर पाहिलं, चित्राकडे पाहिलं आणि कपाळावर हात मारला.

"अगं, हा हात अजून आमच्याच डोंगरात फिरतोय!"

जवसाच्या तेलात भिजवलेल्या फडक्यानं तिनं पांढरी मेंढरं पुसली आणि कुंचला माझ्या हाती दिला. "काळी तू काढ."

मी कुंचला काळ्या रंगात बुडवला. धनगरीण शेजारी उकिडवी बसून सांगत होती, "त्याचं कान लांब कर. हां, आत्ता कसं!" मला तर तिथल्या तिथं गिरकी घ्यावीशी वाटत होती.

तेवढ्यात एका एडक्यानं ते फडकं तोंडात धरलं आणि धूम ठोकली.

"जवसाचं त्याल हाय व्हय त्याला? मग पळवनारच की!" म्हणत म्हातारी धावली. मी नऊवारीचा ओचा खोचून तिच्यामागे, आणि माझ्यामागे झगा दोन्ही हातांनी उचलून धरलेली बाई! गुडघ्यांचं दुखणं कुठल्या कुठं गेलं होतं. बांधावर दोन फेऱ्या झाल्या. शेवटी एडक्यालाच कंटाळा आला. म्हातारीनं त्याच्या जबड्यातून फडकं ओढून काढलं आणि आम्ही तिघीही धुळीत बसकण मारून पोट दुखेपर्यंत हसलो. तिघींनाही येईल अशी एकही भाषा नव्हती, पण हसायला दुभाष्या लागलाच नाही.

चित्र पूर्ण झाल्यावर बाईनं खाली सही केली आणि म्हणाली, "आता तुझी."

"माझी? मी तर नुसती मेंढरं काढली."

"मग मेंढरांखाली कर."

मी मराठीत, ठसठशीत अक्षरांत सही केली. पुढं चित्र घेऊन ती बोटीनं तिच्या गावी परतली. वर्षभरानं तिचं पत्र आलं: चित्र तिच्या बैठकीत लावलंय, आणि येणारा प्रत्येक जण मेंढरांखाली काय लिहिलंय ते विचारतो. मोठ्या बाईंनी ते पत्र शिक्षकांच्या खोलीत दोनदा वाचून दाखवलं. दुसऱ्या वेळी आवाज जरा चढवून.